चार हजारांत कॉफी मेकर कोणता घ्यावा? आधी दूध किती घालता ते सांगा

नाशिकच्या एका ताईंनी विचारलंय: घरात तीन माणसं. मिस्टरांना काळी कॉफी लागते, त्यांना स्वतःला दुधाची, सासूबाईंना जायफळ घातलेली. आजवर बाटलीतली इन्स्टंट चालायची, आता खरी कॉफी करायची आहे. बजेट चार हजार. ऑनलाइन कुठे ४ बार, कुठे १५ बार, कुठे २० बार असं लिहिलेलं दिसतं, त्यात फरक काय? कॅफेसारखा फेस आला तर हवाच आहे. आणि नणंद दिवाळीत अमेरिकेहून येतेय, तिलाच तिकडून एखादा आणायला सांगू का?

ताई, मी बावीस वर्षं डोंबिवलीत कॉफी दळून विकतो. दुकानाच्या मागच्या बाजूला एक टेबल आहे, तिथे लोकांची बिघडलेली यंत्रं उघडून बसतो. त्यामुळे कुठल्या घरात काय विकत घेतलं जातं आणि सहा महिन्यांनी त्यातलं काय माळ्यावर जातं, हे दोन्ही मला दिसतं. माळ्यावर सगळ्यात जास्त जातो तो दोन-अडीच हजारांचा विजेवरचा ड्रिप कॉफी मेकर. वरून पाणी ओतायचं, कागदाच्या नाहीतर नायलॉनच्या गाळणीत पावडर, खाली काचेचं भांडं, तोच. यंत्र वाईट नसतं. आपल्या घरात त्याला काम नसतं.

का, ते सांगतो. ड्रिप यंत्रात साधारण लिटरभर पाण्याला ६० ग्रॅम पावडर धरतात, म्हणजे १०० मिलिलिटर कॉफीला ६ ग्रॅम. अशी कॉफी काळीच प्यायची असते, फार तर वर चमचाभर दूध. आपण काय करतो? अर्धा कप कॉफी, अर्धा कप दूध, दोन चमचे साखर. मग ते लागतं कॉफीचा वास आलेल्या गोड दुधासारखं. माणूस पावडर वाढवतो, गाळणी तुंबते, पाणी काठावरून ओट्यावर येतं आणि यंत्र माझ्याकडे येतं. मी उघडून बघतो तर बिघाड काहीच नाही. त्यात भर म्हणजे खालची गरम तबकडी. ‘कॉफी गरम राहते’ म्हणून तिचं कौतुक होतं, पण अर्ध्या तासात ती कॉफीला जळका कडवटपणा आणते. काचेचं भांडं फुटलं तर तेवढंच सुटं मिळेल याची खात्री नाही. माझ्याकडे आत्ता भांड्याविना पडलेली तीन यंत्रं आहेत, तिन्ही चालू.

दुधाच्या कॉफीला थोडं पण दाट लागतं. आपल्याकडे शतकभर वापरात असलेलं एक भांडं नेमकं तेच करतं आणि त्याला वायर नाही.

दाक्षिणात्य फिल्टर, म्हणजे एकावर एक बसणारी दोन भांडी, वरच्याच्या बुडाला भोकं. स्टीलचा घेतलात तर तीन माणसांच्या मापाचा पाचशे ते आठशेत येतो, पितळी घ्याल तर दुप्पट. माझं मत विचाराल तर स्टीलचा घ्या. पितळी दिसतो छान, पण आतली कल्हई उडाली की पुन्हा करून घ्यावी लागते, आणि कल्हईवाला आता गल्लीत येत नाही. दुकानात झाकण काढून वरचं भांडं उजेडाकडे धरा. भोकं बारीक, सारखी आणि आरपार दिसली पाहिजेत. स्वस्तातल्या काही फिल्टरांची भोकं इतकी मोठी असतात की अर्धी पावडर खाली उतरते. दोन्ही भांडी एकमेकांत बसवून हलवा, खडखड वाजलं तर तो नको.

करायचं कसं, ते माझ्या ओट्यावरचंच सांगतो. तीन कपांना ३० ग्रॅम पावडर वरच्या भांड्यात. चमच्याने दाबायची नाही, भांडं दोनदा हलकं आपटलं की आपोआप सपाट होते. वर दांड्याची चकती ठेवायची, नुसती ठेवायची. पाणी खळखळून उकळलं की गॅस बंद करून अर्धा मिनिट थांबायचं. आधी दोन-तीन चमचे पाणी गोल फिरवत घालायचं, पावडर फुगते, बारीक बुडबुडे येतात. बुडबुडे आले नाहीत तर पावडर शिळी आहे, दुकानदार काहीही म्हणो. मग उरलेलं पाणी, एकूण १५० मिलिलिटर. झाकण लावून पंधरा-वीस मिनिटं त्याच्याकडे बघायचं नाही. ३० ग्रॅम पावडर स्वतः ६० मिलिलिटरच्या आसपास पाणी पिते, म्हणून खाली ९० मिळेल. कपाला ३० मिलिलिटर डिकॉक्शन, म्हणजे खाली उतरलेला हा दाट अर्क, आणि १०० मिलिलिटर गरम दूध. वर म्हटलेल्या ड्रिपच्या कॉफीत जवळपास तेवढ्याच द्रवाला ६ ग्रॅम होती, इथे ३०. दुधात ती हरवत नाही, ती यामुळे.

थेंबच पडत नाहीत, ही तक्रार महिन्यातून चार जण घेऊन येतात. पावडर फार बारीक असते, किंवा दाबलेली असते, किंवा भोकं तेलाने बुजलेली असतात. तिसऱ्यावर जुना उपाय आहे: रिकामं, कोरडं वरचं भांडं चिमट्यात धरून गॅसवर मिनिटभर फिरवायचं. तेल जळून जातं, मग जुन्या टूथब्रशने घासायचं. हे फक्त स्टीलचं, प्लास्टिकची मूठ नसलेलं भांडं असेल तरच. साबणाचा वास मात्र यात फार टिकतो, रोज नुसतं गरम पाणी पुरतं.

पावडर घेताना चिकोरीचं प्रमाण विचारा. ८०:२०, ७०:३०, ६०:४० असं मिळतं, पहिला आकडा कॉफीचा. आपल्या अन्नसुरक्षा नियमांप्रमाणे मिश्रणात निदान ५१ टक्के कॉफी असावीच लागते आणि चिकोरी किती ते पाकिटावर छापावं लागतं, म्हणून ५३:४७ अशी पाकिटंही दिसतील. चिकोरी म्हणजे भेसळ असं समजून पुष्कळ जण नाक मुरडतात. ती एका मुळाची भाजलेली भुकटी आहे, रंग आणि दाटपणा देते, दुधाच्या कॉफीत २० टक्के छान लागते. तुमच्यासाठी ८०:२०. मिस्टरांच्या काळ्या कॉफीत मात्र ती नको, काळ्या कॉफीत तिचा कडूपणा उघडा पडतो.

आता बार, म्हणजे दाब मोजायचं एकक. लोक सर्वात जास्त यातच फसतात, म्हणून जरा थांबून सांगतो.

एस्प्रेसो म्हणजे साधारण ९ बार दाबाचं, ९० ते ९५ अंशांचं पाणी बारीक पावडरीतून पंचवीस-तीस सेकंदांत ढकलणं. १८ ग्रॅम पावडरीतून ३६ ग्रॅमच्या आसपास कॉफी निघते. चार-साडेचार हजारांना मिळणाऱ्या, ‘एस्प्रेसो आणि कॅपुचिनो’ लिहिलेल्या ४ बारच्या यंत्रांत पंप नसतोच. आत एक बंद टाकी, खाली हीटर. पाणी उकळतं, वाफ कोंडते आणि ती वाफ पाणी ढकलते. वाफेने ढकललेलं पाणी शंभर अंशांच्या वर गेलेलं असतं, म्हणून कॉफी जळकट. इटलीत १९३३ साली अल्फोन्सो बियालेत्तीने बाजारात आणलेला मोका पॉट याच तत्त्वावर गॅसवर चालतो, एक-दोन बार दाबावर, आणि उलट चवीला चांगली कॉफी देतो. म्हणजे ४ बारचं यंत्र हा विजेवरचा, तिप्पट किमतीचा, जरा वाईट मोका पॉट. वर दूध फेसाळायची नळी असते खरी, पण टाकीत कपभर पाणी, त्यातलं निम्मं कॉफीला गेलेलं, उरलेल्या वाफेत एक कप फेसाळतो, दुसऱ्याला फुसफुस.

आणि एक, ताई. यातल्या टाकीचं झाकण वाफ पूर्ण निवल्याशिवाय कधीही उघडू नका. आमच्याच इमारतीतल्या एका वहिनींनी दुसरा कप करायच्या घाईत ते फिरवलं. मनगटापर्यंत भाजलं, दोन महिने पट्ट्या. घरात सासूबाई एकट्याने वापरणार असतील तर मी हे यंत्र सुचवणारच नाही.

१५ आणि २० बार हे पंपाचे आकडे. पाणी पूर्ण अडवून धरलं तर तो छोटा पंप जास्तीत जास्त किती दाब काढेल, ते. कपाला लागतात नऊच. २० बारचं यंत्र १५ पेक्षा चांगलं असतं असं मला बावीस वर्षांत दिसलेलं नाही. पंपाची यंत्रं सात-आठ हजारांपासून सुरू होतात आणि त्यांच्या गाळणीला खाली एकच सुईएवढं भोक असतं. त्यातून चिळकांडी उडून फेस तयार होतो, पावडर कशीही असो. मी मुद्दाम सहा महिने जुनी पावडर घालून गिऱ्हाईकांना दाखवलंय: फेस झकास, चव भुशाची. खरा फेस ताज्या भाजलेल्या बियांतल्या कार्बन डायऑक्साइडमुळे येतो. रोबस्टा जातीच्या कॉफीला तो जास्त येतो, म्हणून इटलीतल्या भाजणाऱ्यांना आपला रोबस्टा हवा असतो. भारतीय कॉफीचा सगळ्यात मोठा गिऱ्हाईक देश इटलीच आहे.

तेव्हा तुमच्या बजेटमध्ये ‘एस्प्रेसो’ हा शब्द लिहिलेलं काहीही नको. पुढे कधी पंपाचं घ्यायचं झालंच तर पाठीवरच्या पट्टीवर वॉट बघा. १३५० वॉटचं यंत्र सहाच्या जवळ अँपिअर ओढतं. ते मिक्सरच्या साध्या सॉकेटवर नाही, गिझर-फ्रिजसारख्या १६ अँपिअरच्या मोठ्या सॉकेटवर लावायचं. वितळलेल्या पिना मी डब्यात जमवून ठेवल्यात.

मोका पॉटचं मात्र नाव काढलंय तर पुढे बोलतो, कारण तुमच्यासाठी तो दुसरा चांगला पर्याय आहे. अ‍ॅल्युमिनियमचा ‘३ कप’ असलेला हजार ते दोन हजारांत मिळतो. पण ते कप म्हणजे इटलीतले घोटभर कप. ‘३ कप’मधून सगळी मिळून १३० मिलिलिटर कॉफी निघते, दुधात घातली तर तिघांची. अर्धा भरून करू म्हणाल तर बिघडते, म्हणून घरातल्या माणसांइतकाच घ्या, पाहुण्यांचा विचार करून ‘९ कप’ घेऊ नका.

आपल्या गॅसवर त्याची एक गंमत होते. शेगडीच्या बर्नरवरच्या पायांमधलं अंतर आपल्या पातेल्यांच्या मापाचं. हे एवढंसं भांडं त्यात कलतं. मग लोक मोठ्या आचेवर कसंतरी टेकवतात आणि ज्वाला बाजूने वर चढून मूठ वितळते. माझी पहिली मूठ अशीच गेली, घरभर वास आणि बायकोचं बोलणं वेगळं. पापड भाजायची जाळी ठेवा, लहान बर्नर, आच इतकी बारीक की ज्वाला बुडाच्या बाहेर दिसता कामा नये. खालच्या भागात आधीच गरम केलेलं पाणी, वाफेच्या झडपेच्या जरा खालपर्यंत. पावडर काठाशी सपाट, दाबायची नाही. झाकण उघडं ठेवून बघत राहा: आधी काळपट, मग मधासारखी धार येते. रंग फिकट होऊन फुरफुर सुरू झाली की लगेच उचलून बूड नळाखाली धरा. तिथून पुढचं सगळं कडू. झडपेला चुना धरू देऊ नका, आणि रबराची रिंग वर्षा-दीड वर्षाने बदला, शंभर-दीडशेला मिळते. इंडक्शनवर अ‍ॅल्युमिनियम चालत नाही. स्टीलचाही बूड लहान असल्याने पुष्कळ शेगड्या त्याला ओळखत नाहीत. लोखंडी तवा खाली ठेवून काम भागतं, पण वेळ लागतो.

मिस्टरांसाठी काय? फ्रेंच प्रेस, म्हणजे जाळी लावलेला दांडा असलेलं उभं भांडं. साडेतीनशे मिलिलिटरचा सात-आठशेपासून मिळतो. १५ ग्रॅम रव्यासारखी जाडसर पावडर, अडीचशे मिलिलिटर पाणी, चार मिनिटं, दांडा हळू खाली. संपलं. बारीक पावडर घातली तर दांडा खाली जात नाही, आणि जोर लावला तर काच जाते. काचेऐवजी स्टीलचा मिळाला तर शे-दोनशे जास्त द्या. गाळ तळाशी राहतोच, शेवटचा घोट सोडून द्यायचा. गाळ चालत नसेल तर शंकूसारखी ड्रिपर आणि कागदाची गाळणी, तीही पाचशेत येते. फक्त कागद संपले की नाशिकमध्ये ऑनलाइनच मागवावे लागतील.

याच प्रेसमध्ये तुमचा फेस आहे. दूध ६० ते ६५ अंशांपर्यंत गरम करा, म्हणजे भांड्याला बोट जेमतेम सेकंदभर टेकवता येईल इतकं. गाळून साय काढा, ती जाळीला चिकटते. प्रेस एक तृतीयांश भरा आणि दांडा पंचवीस-तीस वेळा भराभर वर-खाली करा. दूध दुप्पट होतं. प्रेस नुसता आपटून मोठे बुडबुडे मोडा आणि ओता. उकळतं दूध घेतलंत तर फेस टिकत नाही आणि दुधाला आटल्याची चव येते. नाहीतर आहेच माटुंग्यात उडप्याकडे करतात ते, पेला आणि वाटी घेऊन हातभर उंचीवरून दोनदा ओतायचं. त्यालाही पैसे पडत नाहीत, फक्त पहिले दोन दिवस ओटा पुसावा लागतो.

सासूबाईंचं जायफळ. ते सहाणेवर उगाळून नाहीतर किसून थेट दुधात. फिल्टरमध्ये, मोका पॉटमध्ये, कुठल्याही यंत्राच्या गाळणीत जायफळ-वेलची घालायची नाही. एका गिऱ्हाईकाने वर्षभर वेलची पूड कॉफीबरोबर यंत्रात घातली. मी रबर बदललं, नळ्या उकळून काढल्या, तरी काळी कॉफी प्यायली की श्रीखंडाची आठवण येते म्हणाला.

उरलेले पैसे दळण्यावर घाला. कॉफी दळली की आठ-पंधरा दिवसांत तिचा वास उडतो, बिया महिना-दीड महिना टिकतात. दीड-दोन हजारांत हातानं फिरवायची, आत दोन दातेरी शंकू असलेली चक्की मिळते. पाती असलेली विजेवरची हजाराची नको, ती दळत नाही, चिरडते, निम्मं पीठ आणि निम्मे तुकडे. चक्कीने मिस्टरांची जाड आणि तुमची बारीक, दोन्ही निघतात. ३० ग्रॅम दळायला पाच मिनिटं लागतात हेही सांगून ठेवतो, सकाळी डब्याच्या घाईत ती जड वाटतात. तसं असेल तर चक्की नको. ओळखीच्या दुकानातून शंभर-शंभर ग्रॅम दोन जाडींत दळून आणा आणि स्टीलच्या घट्ट डब्यात ठेवा, फ्रिजमध्ये नाही. मिक्सरमध्ये दळायचंच असेल तर आधी मूठभर तांदूळ फिरवून जिऱ्या-धण्याचा वास काढा आणि दोन-दोन सेकंदांचे झटके द्या.

बिया चिकमगळूर आणि कूर्गच्या सगळीकडे मिळतात. आपल्या चिखलदऱ्यालाही कॉफी होते हे पुष्कळांना माहीत नसतं. तिकडे गेलात तर आणा, हिवाळ्यात सहल होते आणि कॉफीही.

म्हणजे हिशेब: फिल्टर सहाशे, स्टीलचा प्रेस हजार, चक्की दोन हजार, उरलेल्या चारशेत पहिली पावडर नाहीतर बिया. मोका पॉट चक्कीऐवजी घ्यायचा तर घ्या, दोन्ही बसणार नाहीत. नाशिकचं पाणी तुमच्याकडे बोअरचं असेल तर पिण्याच्या गाळलेल्या पाण्याचीच कॉफी करा. जड पाण्याने चवही मरते आणि पुढे विजेचं यंत्र आलंच तर त्यात चुना बसतो. तो काढायला लिटरभर पाण्यात दोन चमचे लिंबूसत्व पुरतं. मोका पॉटला मात्र ते नाही, चिंच नाही, घासणीही नाही, अ‍ॅल्युमिनियमचा पृष्ठभाग खराब होतो.

नणंदेला यंत्र आणायला सांगू नका. तिकडची वीज १२० व्होल्टची, आपली २३०. हीटरला जवळजवळ दुप्पट व्होल्ट मिळाले की उष्णता साडेतीन पटींच्या वर जाते. माझ्या टेबलावर आलेलं असं यंत्र अकरा सेकंद चाललं होतं, मालकाने मोजले होते. पिन बदलणारं प्लॅस्टिकचं अ‍ॅडॉप्टर व्होल्ट बदलत नाही, आणि व्होल्ट बदलणारा ट्रान्सफॉर्मर ओट्यावर ठेवायला गहू दळायच्या डब्याएवढा जड. काही आणणारच असेल तर शंकूच्या ड्रिपरचे कागद शंभराचं पाकीट आणू दे. वजन काही नाही, आणि मिस्टरांचं जवळजवळ दोन वर्षांचं काम होईल, रविवारी-रविवारी केली तर.